ढोल-ताशा, कुकरची शिट्टी आणि साडेचार वर्षांचा मुलगा: भीती कशी हाताळायची?

खिडकीतली_चिमणी

मुलगा साडेचार वर्षांचा. घर पुण्यात, पेठेत, विसर्जनाच्या मार्गापासून दोन गल्ल्या आत. कुकरची शिट्टी होणार असं दिसलं की कानांवर हात ठेवून बाल्कनीत पळतो. मिक्सर लावायचा तर त्याला आधी खाली पाठवावं लागतं. नदीकाठी ढोलाचा सराव सुरू झालाय. संध्याकाळी लांबून आवाज आला तरी खेळ टाकून येतो आणि बिलगतो. व्यवस्थित ऐकू येतं, बोलणं स्पष्ट आहे, शाळेत रमतो, मुलांमध्ये मिसळतो.

घरात तीन मतं आहेत. बाबा म्हणतात, थेट पथकासमोर उभा करा. आजी म्हणतात, दृष्ट काढा. आणि जेवला नाही की बागुलबुवाला हाक मारतात. मी आवाज व्हायच्या आधीच त्याला लांब नेते. गणपतीला नऊ आठवडे आहेत. काय करायचं, कोणत्या क्रमाने, रोज किती वेळ, असं नेमकं सांगा. "मोठा झाला की जाईल" हे ऐकून झालंय.

---

धोपटमार्ग

बाबांचं बरोबर आहे. मिरवणुकीत खांद्यावर घेऊन दोन तास उभं राहा. पहिली दहा मिनिटं रडेल, मग सवय होते. पोहायला असंच शिकवतात.

---

ओसरी

धोपटमार्ग, पोहायलासुद्धा चांगले शिक्षक असं शिकवत नाहीत. भीतीची लाट चढते, माथ्यावर थोडी टिकते, मग उतरते. उतरेपर्यंत मूल तिथेच राहिलं तर त्याचं शरीर शिकतं की आवाज झाला, पण झालं काहीच नाही. मिरवणुकीत लाट उतरायच्या आधी मूल किंचाळतं, ओकतं, आणि कुणीतरी त्याला उचलून घरी पळवतं. म्हणजे धडा पक्का होतो तो उलटा: पळालो म्हणून वाचलो. खांद्यावर तर त्याला आवाजापासून एक पाऊलही मागे घेता येत नाही.

चिमणीताई, आवाजाआधी त्याला लांब नेणं हे मायेपोटी असलं तरी धडा तोच देतं. "आई मला इथून काढते, म्हणजे इथे खरंच काहीतरी असणार." तेव्हा पळवायचं नाही आणि ढकलायचंही नाही. आवाजाकडे पायरीपायरीने जायचं, आणि पुढची पायरी कधी हे त्याने ठरवायचं.

आधी मोजमाप ठरवा. एवढ्या मुलाला "दहापैकी किती" समजत नाही. तीन प्राणी पुरतात: भीती मुंगीएवढी, मांजराएवढी की हत्तीएवढी? चित्रं काढून फ्रिजवर लावा. नियम असा की सराव मुंगीवर किंवा मांजरावर सुरू करायचा, हत्तीवर कधीच नाही. मांजराची मुंगी होईपर्यंत जागा सोडायची नाही. बहुतेक वेळा पाच ते दहा मिनिटं लागतात. अंदाज चुकून हत्ती आलाच, तर घरी पळायचं नाही. मांजर परत येईल इतकंच मागे जायचं, तिथे दोन-तीन मिनिटं काढायची आणि मग निघायचं.

कुकरपासून सुरू करा. तो घरात आहे, रोज लागतो, आणि शिट्टी व्हायच्या आधी सूचना देतो. पहिले तीन-चार दिवस गॅसजवळ जायचंच नाही. धुतलेलं, थंड झाकण घेऊन जमिनीवर बसा. शिट्टी काढून त्याच्या हातात द्या. ती जड लागते. मुळात ते एक वजनच आहे. आत वाफ साठली की वजन वर उचललं जातं, फटीतून वाफ सुटते, तोच तो आवाज. वाफ गेली की वजन खाली बसतं. झाकणाच्या नळीतून त्याला फुंकर मारू द्या आणि पलीकडे तळहात धरून हवा लागते का बघू द्या. नळी उजेडाकडे धरून आरपार दिसते का, की डाळीचं साल अडकलंय, हे तपासायचं काम कायमचं त्याच्याकडे सोपवा. (ते तसंही रोज करायला हवं, कुणी करत नाही.) मग तोंडाने "फिस्स" करा: आधी हळू, मग मोठ्याने, मग कोण जास्त वेळ करतो.

नंतर खरा कुकर. तो कुठे उभा राहिला की मुंगी असते, हे त्याला विचारा. बाल्कनीचं दार म्हणाला तर बाल्कनीचं दार. हातात पाटी आणि खडू. प्रत्येक शिट्टीला एक रेघ. शिट्टीआधी वजन थरथरतं, सूं-सूं वाढतं, हे ओळखायला शिकवा. पहिले दोन-तीन दिवस "आता होईल हं" म्हणा, नंतर म्हणू नका. नाहीतर सगळी मदार तुमच्या इशाऱ्यावर राहते आणि तुम्ही घरात नसताना भीती होती तशीच. एक फरशी पुढे सरकायचं ते त्याच जागी तीन वेळा मुंगी आली की. हल्लीच्या फरश्या दोन फुटी असतात, पट्टीसारख्या मोजता येतात. गॅसपासून सहा फुटांवर थांबा. त्याच्या पुढे भीतीचा नव्हे, भाजण्याचा प्रश्न येतो.

मिक्सरला बटण आहे, ही त्याची जमेची बाजू. झाकण तुम्ही धरा, बटण त्याच्या बोटाखाली: अर्धा सेकंद चालू, बंद. ओल्या वाटणाचा आवाज बसका असतो, कोरड्या शेंगदाण्यांचा कर्कश. तेव्हा आधी चटणी, कूट शेवटी. स्वतः केलेल्या आवाजाची भीती पटकन उतरते, कारण तो कधी थांबणार हे हातात असतं.

ढोलासाठी बरेच जण मोबाइलवर व्हिडिओ लावून आवाज वाढवत नेतात आणि मग प्रत्यक्षात सगळं फसतं. कारण मोबाइलच्या स्पीकरमधून ताशाची कडकड येते, ढोलाचा ठोका येत नाही. खरा ढोल छातीत वाजतो, पोटात घुमतो, आणि मूल घाबरतं ते तिथे. व्हिडिओ पहिल्या दोन-तीन दिवसांपुरता ठेवा: आधी मुका, मग रिमोट त्याच्या हातात. त्यानंतर रिकामा पत्र्याचा डबा आणि लाटणं. डबा पोटाशी धरून वाजवला की थरथर अंगात कशी जाते ते कळतं. एखाद्या पथकाला विचारून, सराव सुरू व्हायच्या आधी, न वाजणाऱ्या ढोलाच्या पानावर हात ठेवायला मिळाला तर फारच उत्तम.

सराव नदीकाठी मोकळ्यावर होतो हे तुमचं भाग्य, कारण तिथे अंतर हवं तसं कमीजास्त करता येतं. पहिल्या दिवशी पुलावरून किंवा समोरच्या काठावरून. दहा-पंधरा मिनिटं, आठवड्यातून चार दिवस. मुंगी आली की पुढच्या खेपेला वीस पावलं पुढे. जाताना सोबत खाऊ असू द्या. ही युक्ती जुनी आहे. १९२४ साली मेरी कव्हर जोन्स यांनी पीटर नावाच्या, सशाला घाबरणाऱ्या जेमतेम तीन वर्षांच्या मुलावर केलेलं काम प्रसिद्ध झालं. पीटर आवडीचं खात असताना पिंजऱ्यातला ससा थोडा-थोडा जवळ आणला जायचा. न घाबरणारी दुसरी मुलंही सशाजवळ असत, त्याचाही उपयोग झाला. मधे पीटरला स्कार्लेट ताप आला, रुग्णालयात राहावं लागलं, परतताना एका मोठ्या कुत्र्याने घाबरवलं, आणि उतरलेली भीती परत आली. पुन्हा खालून सुरुवात करावी लागली. तुमच्याकडेही ताप, पाऊस, आजोळ यांत आठवडा जाणार. तेव्हा दोन पायऱ्या खाली उतरून सुरू करा, "एवढं जमत होतं की" म्हणू नका.

बक्षीस प्रयत्नाचं द्यायचं, न घाबरण्याचं नाही. एका पायरीला एक चिंचोका बरणीत, तिथल्या तिथे. पाच झाले की रात्री गोष्ट कोणती ते तो ठरवेल. दिलेला चिंचोका कशाच्याही शिक्षेत परत घ्यायचा नाही. एकदा घेतलात की बरणीला अर्थ राहत नाही. भूक, अपुरी झोप, सर्दी असेल त्या दिवशी सराव नको.

वेळेचा हिशेब: दोन आठवडे कुकर-मिक्सर, पाच आठवडे ढोल, दोन हातचे राखून.

---

कानोसा

वरचं सगळं करा, पण त्याआधी कान तपासून घ्या. "व्यवस्थित ऐकू येतं" हा घरचा अंदाज असतो. या वयात मधल्या कानात पाणी साठणं फार सामान्य आहे. त्यात दुखत नाही, थोडं कमी ऐकू येतं, आणि काही मुलांना त्याच काळात मोठे आवाज जास्त खुपतात. दोन तपासण्या पुरेशा आहेत. पडद्यामागचा दाब मोजणारी टिम्पॅनोमेट्री मिनिटभरात होते. दुसरी खेळातून होणारी श्रवणचाचणी: आवाज ऐकू आला की ठोकळा डब्यात टाकायचा. साडेचार वर्षांचं मूल ती आरामात करतं.

आणखी एक फरक बघा. फक्त मोठे आणि अचानक येणारे आवाज नको असतील तर ती भीती. पण कपड्याचं लेबल, केस कापणं, ठरावीक चवी, गर्दीचा गलका हे सगळंच असह्य होत असेल, शिवाय नजर, बोलणं, खेळणं यांतही वेगळेपण असेल, तर बालविकासतज्ज्ञांकडे जा. जिल्ह्याच्या सरकारी रुग्णालयाशी जोडलेलं शीघ्र हस्तक्षेप केंद्र असतं, तिथे ही तपासणी मोफत होते. तुमच्या वर्णनावरून तसं वाटत नाही, तरी लिहून ठेवलं.

कानाच्या संरक्षणाबद्दल दोन्ही टोकं चुकतात. कापसाचे बोळे जवळजवळ निरुपयोगी. एवढ्या मुलाला फोमचे बोळे नकोत, काढून तोंडात घालतात. हेडफोनसारखे दिसणारे, गादीचे कानझाकणे लहान मापात मिळतात. नीट बसले तर साधारण वीसेक डेसिबल आवाज कमी करतात. गादीखाली टोपीची कड, केस किंवा चष्म्याची काडी आली की फट राहते आणि निम्मा फायदा गेला. वापरायचे कधी? ढोलाच्या अगदी जवळ आणि फटाक्यांच्या वेळी. कुकरला, मिक्सरला, रिक्षाच्या हॉर्नला नाही. दिवसभर कान झाकले की शांततेची सवय होते आणि साधा आवाजही टोचू लागतो.

अंतराचं गणित: मोकळ्या जागी अंतर दुप्पट केलं की आवाज सुमारे ६ डेसिबलने उतरतो. म्हणून नदीकाठी शंभर पावलांवरून पन्नासवर येणं आणि वीसवरून दहावर येणं, कानाच्या हिशेबात सारखंच. ओसरींनी वीस-वीस पावलं लिहिलीत, ती लांब असताना ठीक. जवळ आल्यावर पाच-पाच करा. पेठेच्या गल्लीत हे गणित चालत नाही. दोन्ही बाजूंच्या भिंतींवरून आवाज परततो, तिथे लांब उभं राहूनही ठोका तसाच लागतो.

दिवाळीही येतेच आहे. फटाक्याला कायद्याची मर्यादा फुटण्याच्या जागेपासून ४ मीटरवर १२५ डेसिबल आहे, आणि रात्री १० ते सकाळी ६ आवाजाचे फटाके वाजवायला बंदी. १२५ हा आकडा मोठ्यांच्या कानालाही त्रासाचाच. तिथे मूल कानांवर हात ठेवतं ते शहाणपण आहे, त्याला भित्रा म्हणू नका.

---

पाटीपेन्सिल

बालवाडीत रोज लागणाऱ्या गोष्टी सांगते.

"घाबरू नको" या वाक्यात मुलाने करावं असं काहीच नाही. "काही नाही रे" तर खोटंच. त्याला काहीतरी होतंय. त्याला जे होतंय त्याला शब्द द्या. आपल्या भाषेत भीतीचा अख्खा नकाशा अंगावर काढलेला आहे: पोटात गोळा येतो, छातीत धडधडतं, अंगावर काटा येतो, घशाला कोरड पडते, पाय लटपटतात. जुनी वर्तमानपत्रं चिकटवून त्यावर मुलाला झोपवा, कडेने खडू फिरवा, आणि "ढोल वाजला की कुठे काय होतं?" ते त्याला रंगवू द्या. एक मूल पोट काळं करतं, दुसरं तळपाय. पुढच्या वेळी रडण्याऐवजी "पोटात गोळा आला" असं सांगता आलं तरी निम्मं काम झालं. आणि का होतं तेही सांगा: अंगाला वाटतं आता पळायचंय, म्हणून हृदय पायांना भराभर रक्त पाठवतं. धडधड म्हणजे बिघाड नाही, तयारी आहे.

बोलताना दोन भाग ठेवा: त्याचं म्हणणं कबूल, आणि त्याच्यावर भरवसा. "धडधडतंय ना तुला. आणि आपण त्या खांबापर्यंत जाणार आहोत." मधे "पण" घालू नका. "तुला भीती वाटते, पण..." म्हटलं की मुलाला फक्त "पण"नंतरचं ऐकू येतं. एकदाच म्हणा. "काही होणार नाही ना?" असं तो दहादा विचारेल. पहिल्यांदा उत्तर द्या. दुसऱ्यांदा, "तुला काय वाटतं?" तिसऱ्यांदा, "हे आपण बोललोय, चल रेघ मार." दहा वेळा दिलासा दिला की अकराव्यांदा लागतोच.

श्वासासाठी साबणाचे फुगे. जोरात फुंकलं की फुटतो, सावकाश फुंकलं की मोठा होतो. लांब उच्छ्वास आपोआप येतो, शिकवावा लागत नाही. आठवडाभर रोज दोनदा, मजेत असताना करा. मग पुलावर नुसतं "फुगा काढ" म्हटलं की पुरतं. मूल हत्तीवर असताना मात्र श्वास शिकवायला जाऊ नका, चिडतं. तेव्हा फक्त घट्ट धरा, तुमचा आवाज खाली आणा, शब्द कमी करा.

"मुलगा ना तू?", "भित्री भागूबाई" हे घरातल्या प्रत्येकाला बंद. लाजेने भीती जात नाही, लपते. तुमच्या घरी तो निदान येऊन बिलगतो, ते टिकवा.

---

माजघर

आजींबद्दल कुणीच लिहिलं नाही, आणि खरी गोम तिथे आहे.

बागुलबुवा, झोळीवाला, पोलीसकाका, "डॉक्टर सुई टोचतील" यांचा तोटा वेगवेगळा आहे. बागुलबुवामुळे अंधाऱ्या खोलीत कुणीतरी राहायला येतं, आणि ते घरच्या वडीलधाऱ्यांनीच आणलेलं असल्यामुळे "तसं काही नसतं" हे नंतर पटत नाही. पोलिसांची भीती घातलेलं मूल जत्रेत हरवलं तर ज्याच्याकडे जायला हवं त्याच्यापासूनच लपेल. डॉक्टरांचं म्हणाल तर पाच वर्षांचा लसीचा बूस्टर जवळ आलाय, त्या दिवशी ते सगळं वसूल होणार.

पण आजींना "मुलाला घाबरवू नका" असं म्हटलंत तर त्या दुखावतील आणि तुमच्या पाठीमागे तेच चालू राहील. बागुलबुवा एक काम करत असतो: घास संपवणं, गच्चीवर न जाणं. त्या कामाला दुसरं वाक्य द्या. "नाही जेवलास तर ताट झाकून ठेवते, भूक लागली की सांग." "गच्चीला कठडा बुटका आहे म्हणून एकट्याने नाही." शिवाय आजींना या सगळ्यात मानाची जागा द्या: चिंचोक्यांची बरणी त्यांच्याकडे, पाटीवरच्या रेघा मोजून चिंचोका द्यायचा तो त्यांनीच. आठवडाभरात बागुलबुवाची गरज पडत नाही.

दृष्ट काढायला माझी हरकत नाही. मीठ-मोहरी ओवाळताना आजीचा हात डोक्यावरून फिरतो, मिनिटभर सगळं घर त्याच्याकडे बघतं, त्यात मूल शांत होतं. फक्त "कुणाची तरी नजर लागली" हे त्याच्यासमोर बोलू नये. आवाजाची एक भीती होती, तिला माणसांची जोडायची कशाला? आणि दृष्ट काढली म्हणून पायऱ्या सोडायच्या नाहीत.

---

खिडकीतली_चिमणी

खूप नेमकं मिळालं, आभार. कानाची तपासणी याच आठवड्यात करते. रात्रीचा एक प्रश्न राहिलाच. झोपताना दिवा पूर्ण लागतो आणि मी शेजारी लागते. शिवाय आठवड्यातून दोनतीनदा अकराच्या सुमारास किंचाळत उठून बसतो, डोळे सताड उघडे, मला ओळखत नाही, हात लावला तर ढकलतो. सकाळी काहीच आठवत नाही. कुणीतरी "भूत पळवणारं पाणी" फवारायला सांगितलंय, बाटलीवर चित्र चिकटवून. करू का?

---

गोधडी

हे दोन वेगळे विषय आहेत, त्यांची सरमिसळ होऊ देऊ नका.

अकरा वाजताचा प्रकार स्वप्नाचा नाही. झोप लागल्यावर पहिल्या दोन-तीन तासांतल्या गाढ झोपेतून मूल अर्धवट वर येतं, अंग जागं होतं, ते स्वतः झोपलेलंच असतं. म्हणून ओळखत नाही, म्हणून आठवत नाही. वाईट स्वप्नं बहुधा पहाटेकडे पडतात. त्यात मूल पूर्ण जागं होतं, ओळखतं, बिलगतं, सांगतं. अकराच्या किंचाळण्यात उठवू नका, हलवू नका, दिवा लावून गलका करू नका. पलंगावरून पडणार नाही एवढं बघा. पाच-दहा मिनिटांत परत झोपतो. सकाळी "काल काय ओरडत होतास!" ही चर्चा नको. त्याला जे आठवतच नाही त्याची भीती आपण सकाळी घालतो.

कारण बहुतेक वेळा अपुरी झोप. या वयाला दुपारची धरून १० ते १३ तास लागतात. ताप आणि भरलेली लघवी हीही कारणं. रोज घोरत असेल, तोंड उघडं टाकून झोपत असेल तर टॉन्सिल-अ‍ॅडिनॉइड (घशातल्या आणि नाकामागच्या गाठी) दाखवा. सात रात्री वेळ लिहून ठेवा. वेळ ठरावीक निघाली तर त्याच्या १५-२० मिनिटं आधी हलकेच कुशीवर वळवा, पुटपुटला की सोडून द्या. दोन-तीन आठवडे रोज. एकाच रात्री पुन्हा पुन्हा होत असेल, हातपाय ठरावीक लयीत झटकत असतील, अंग ताठ होत असेल किंवा लाळ गळत असेल तर मोबाइलवर चित्रण करून बालरोगतज्ज्ञांना दाखवा. झटक्यांची शंका फेडून घ्यायला हवी.

आता दिवा. पूर्ण दिव्यावरून एकदम अंधारात जाऊ नका. झिरो बल्ब लावा (नावाला झिरो, जुने चांगले १५ वॅटपर्यंत खायचे). कुठे लावता याला महत्त्व आहे. जमिनीलगतच्या सॉकेटमध्ये लावलात तर खुंटीवरच्या शर्टाची सावली छतापर्यंत जाते आणि बागुलबुवा फुकट तयार होतो. वर, भिंतीकडे तोंड करून लावा. खुंटीवरचे कपडे आत टाका. मच्छरदाणी असेल तर दिवा तिच्या बाहेरून मुलाच्या डोळ्यावर येत नाही ना ते आडवं पडून बघा.

शेजारी झोपण्याऐवजी खुर्ची. तीन रात्री पलंगाला टेकून, हात हातात. पुढच्या तीन रात्री हातभर लांब, हात नाही. मग खोलीच्या मध्यावर, मग दारात, मग दाराबाहेर, पण दिसेल अशी. बोलायचं नाही, मोबाइल बघायचा नाही. डाळ निवडा, मोजे जोडा. मध्यरात्री हाक आली तर त्याच रात्रीच्या जागेवर बसा, पलंगावर परत जाऊ नका. आणि अंधाराशी दिवसाच मैत्री करून द्या. संध्याकाळी पडदे ओढून टॉर्चने हाताच्या सावल्या, खोलीत लपवलेला चमचा टॉर्चने शोधणं. मग टॉर्च विझवून दहा अंक मोजणं.

फवारा? मी देत नाही. बाटली आणली म्हणजे भूत आहे हे आईबाबांनी मान्य केलं. आणि बाटली मामाकडे न्यायची राहिली की त्या रात्री कुणीच झोपत नाही.

---

पाटीपेन्सिल

फवाऱ्यावर थोडं वेगळं म्हणते. तीन वर्षांच्या मुलाबरोबर दिवसा भुताचं चित्र काढून त्याला आजीचा चष्मा आणि फाटकी चड्डी घातली तर ते हास्यास्पद होतं, आणि हसणं चांगलं औषध आहे. पण झोपायच्या आधीचा रोजचा विधी म्हणून नको, हे गोधडींचं बरोबर.

---

ओसरी

एक गोष्ट सगळ्या पायऱ्यांच्या आधीची. भीती आवाजाची, अंधाराची, कुत्र्याची असेल तर हे सगळं. पण मूल अचानक एखाद्या ठरावीक माणसाला, ठरावीक घराला, ठरावीक बाथरूमला घाबरू लागलं, पुन्हा गादी ओली करू लागलं, कपडे काढताना आकसू लागलं, तर त्याला तिकडे हळूहळू न्यायचं नाही. थांबा, शांतपणे ऐका, "तू सांगितलंस ते बरं केलंस" म्हणा, प्रश्नांचा भडिमार करू नका. मुलांसाठीची मदतवाहिनी १०९८ दिवसरात्र चालू असते.

आणि नेहमीची भीती सहा महिने उलटून टिकली, किंवा तिच्यापायी शाळा, जेवण, झोप, मित्र यांतलं काही सुटू लागलं, तर बालमानसतज्ज्ञांकडे जा. कुणाकडे जायचं हे कळत नसेल तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीच्या १४४१६ वर विचारता येतं, मराठीतही.

---

खिडकीतली_चिमणी

शेवटचं. समजा आठव्या आठवड्यापर्यंत तीस पावलांवर मुंगी आली. विसर्जनाच्या दिवशी नेऊ का? घरातून आग्रह होणारच.

---

ओसरी

न्या, पण थोडक्यात. सकाळी, पोट भरलेलं असताना, गर्दी दाटायच्या आत. मुख्य रस्त्याला जाऊ नका, गल्लीच्या तोंडाशी उभे राहा, म्हणजे पाठीमागे मोकळी वाट राहते. कानझाकणे गळ्यात, चढवायचे कधी ते तो ठरवेल. आधी एक दिवस जाऊन जागा दाखवून आणा आणि पावलं मोजून ठेवा. खूण ठरवा: तुमचा हात दोनदा दाबला की दहा पावलं मागे. घरी नाही, दहाच पावलं. तुम्हीही प्रत्येक वेळी मागे जायचंच, "अजून एकच पथक" असं म्हणायचं नाही. एकदा खूण मोडलीत की तो पुढच्या वर्षी येणार नाही. वीस मिनिटं झाली की तो "अजून थांबू" म्हणत असला तरी निघा. बरणी आजींना सोबत आणायला सांगा.